माहितीची राखण : शेतकऱ्याची वैयक्तिक माहिती, तिच्या रक्षणाचा कायदा व ग्रामकार्यकर्त्यांचे कर्तव्य

शेतात पीक उभे राहिले म्हणजे शेतकरी त्याची राखण करतो. धान्य घरात आले म्हणजे त्यास ओल लागू नये, उंदीर-घुशींनी त्याचा नाश करू नये म्हणून तो खबरदारी घेतो. जमिनीचे कागद तो पेटीत जपून ठेवतो. परंतु गेल्या काही वर्षांत शेतकऱ्याजवळ आणखी एक मोलाची वस्तू जमा झाली आहे व तिची राखण करण्याची सवय मात्र आपणांस अद्याप लागलेली नाही. ती वस्तू म्हणजे शेतकऱ्याची स्वतःची माहिती होय.

ठिबक संचाचे अनुदान, पीकविमा, पीककर्ज, अतिवृष्टीची नुकसानभरपाई यांपैकी कोणतेही काम घ्या. त्यासाठी आधार क्रमांक, बँकेच्या खात्याचा क्रमांक, मोबाइल क्रमांक, सातबारा व आठ-अ यांची माहिती द्यावी लागते. महाराष्ट्रात १५ ऑगस्ट २०२१ पासून ई-पीक पाहणी सुरू झाली व पिकाची नोंद शेतकरी स्वतःच्या मोबाइलवरून करू लागला. केंद्रीय मंत्रिमंडळाने २ सप्टेंबर २०२४ रोजी डिजिटल कृषी अभियानास मंजुरी दिली. या योजनेत शेतकऱ्यांची नोंदवही, गावांचे भू-संदर्भित नकाशे व पेरलेल्या पिकांची नोंदवही अशा तीन नोंदी राज्यांनी तयार करून सांभाळावयाच्या आहेत. त्यानुसार राज्यात शेतकरी ओळख क्रमांक देण्यात येऊ लागला व एप्रिल २०२५ पासून कृषी विभागाच्या योजनांसाठी तो आवश्यक करण्यात आला.

या व्यवस्थेचे लाभ खरे आहेत. तीच ती कागदपत्रे वारंवार जोडावी लागत नाहीत, अनुदान थेट खात्यात जमा होते व मधल्या हातांची गरज कमी होते. परंतु ज्या माहितीच्या आधारे खात्यात पैसे येतात, तीच माहिती भलत्याच्या हाती गेल्यास खात्यातून पैसे जाऊही शकतात. यास्तव माहिती कोणास द्यावी, किती द्यावी व दिल्यानंतर तिचे काय होते, हे प्रत्येक शेतकऱ्यास समजले पाहिजे. ग्रामकार्यकर्त्यांच्या हातून तर दररोज शेकडो लोकांची माहिती जात असते. म्हणून त्यांनी हा विषय अधिक बारकाईने समजून घेणे अगत्याचे आहे.

एका कामासाठी दिलेली माहिती त्याच कामासाठी वापरली जावी, हे या पाठाचे मुख्य सूत्र आहे. पुढील सर्व विवेचन याच सूत्राचा विस्तार होय.

१. वैयक्तिक माहिती म्हणजे काय?

ज्या माहितीवरून अमुक एक व्यक्ती ओळखता येते, त्या व्यक्तीविषयीची ती सर्व माहिती वैयक्तिक होय. समजण्याच्या सोयीसाठी तिचे चार वर्ग करता येतील.

(अ) ओळखीची माहिती : नाव, पत्ता, जन्मतारीख, आधार क्रमांक, शेतकरी ओळख क्रमांक, मोबाइल क्रमांक, छायाचित्र.

(आ) पैशाची माहिती : बँक खात्याचा क्रमांक, कर्जाची थकबाकी, मिळालेले अनुदान, विम्याची रक्कम.

(इ) शेतीची माहिती : कोणत्या गटात कोणते पीक किती क्षेत्रावर आहे, विहिरीस पाणी किती, माल किती निघाला व कोठे साठविला आहे.

(ई) शरीराची व कुटुंबाची माहिती : बोटांचे ठसे, डोळ्यांच्या बुबुळांची नोंद, आजारपण, अपंगत्व, वैवाहिक स्थिती, मुलांचे शिक्षण.

यांपैकी बोटांच्या ठशांविषयी विशेष दक्षता घ्यावयास हवी. मोबाइल क्रमांक बदलता येतो, खाते बंद करून दुसरे उघडता येते. परंतु बोटाचा ठसा बदलता येत नाही. तो एकदा चुकीच्या हाती गेला की ती हानी कायमची ठरते.

२. माहिती बाहेर गेल्यास नुकसान कसे होते?

“माझ्यापाशी लपविण्यासारखे आहे तरी काय?” असा प्रश्न पुष्कळ शेतकरी विचारतात. प्रश्न प्रामाणिक आहे, परंतु येथे लपविण्याचा प्रश्न नाही. घराला कुलूप लावणारा मनुष्य काही चोरीचा माल लपवीत नसतो. माहिती मोकळी सुटल्याने होणारे नुकसान पुढील प्रकारचे असते.

पहिले नुकसान पैशाचे. बँकेकडून मोबाइलवर येणारा गुप्त अंक, ज्यास ओटीपी म्हणतात, तो दुसऱ्यास सांगितल्याने खाते रिकामे झाल्याची उदाहरणे आता गावोगाव ऐकू येतात. याहून कमी परिचित असा दुसरा मार्ग आहे. गावातील बँक प्रतिनिधीकडे आधार क्रमांक, बँकेचे नाव व बोटाचा ठसा एवढ्यावर रक्कम काढता येते. त्यासाठी ओटीपी लागत नाही. वृद्ध व निरक्षर माणसांना ही सोय उपयुक्त आहे. परंतु खरेदीखतासारख्या दस्तऐवजांवरील ठशांवरून नकली ठसे बनवून याच मार्गाने रक्कम काढण्यात आल्याचे काही राज्यांत पोलिसांच्या तपासात उघडकीस आले आहे. अंगठा एकदा लावावयाचा असता “उमटला नाही, पुन्हा लावा” असे सांगून दोनदा रक्कम काढणे हाही त्यातलाच प्रकार होय.

दुसरे नुकसान व्यवहाराचे. समजा, एखाद्या शेतकऱ्याच्या चाळीत २०० क्विंटल कांदा आहे व सोसायटीचा हप्ता भरण्याची मुदत आठ दिवसांवर आली आहे. या दोन्ही गोष्टी व्यापाऱ्यास अगोदर ठाऊक असतील, तर हा शेतकरी थांबू शकत नाही हे त्यास कळते व तो त्याच हिशेबाने भाव सांगतो. पिकाची व कर्जाची माहिती ही शेतकऱ्याच्या सौदा करण्याच्या शक्तीचा एक भाग आहे. ती शक्ती फुकट दुसऱ्याच्या हाती देणे शहाणपणाचे नव्हे.

तिसरे नुकसान नावाच्या गैरवापराचे. दुसऱ्याच्या कागदपत्रांवर सिमकार्ड घेणे, कर्ज उचलणे अथवा योजनेचा लाभ लाटणे असे प्रकार घडतात. ज्याचे नाव वापरले गेले त्यास हे समजते ते बहुधा वसुलीची नोटीस आल्यावर किंवा स्वतःचा अर्ज “लाभ पूर्वीच घेतला आहे” म्हणून नामंजूर झाल्यावर.

चौथे नुकसान प्रतिष्ठेचे. एखाद्या स्त्रीचा मोबाइल क्रमांक लाभार्थींच्या यादीतून शेकडो लोकांच्या हाती गेल्यास तिला कोणत्या त्रासास तोंड द्यावे लागते, हे सांगावयास नको. कोणास कोणता आजार आहे, कोणाच्या घरी काय अडचण आहे, ही माहिती मदतीसाठी दिलेली असते, चावडीवरील चर्चेसाठी नव्हे. अशा नुकसानीची भरपाई रुपयांत करता येत नाही. ती माणसे पुढच्या वेळी मदत मागावयासच येत नाहीत.

३. कायदा कसा झाला?

खासगी जीवनाच्या हक्काचा प्रश्न आपल्या देशात नवा नाही. १९६२ मध्ये उत्तर प्रदेशातील खडक सिंग यांच्या खटल्यात पोलिसांनी रात्री-अपरात्री घरी येऊन चौकशी करण्याची तरतूद सर्वोच्च न्यायालयाने रद्द ठरविली. मात्र खासगीपणा हा संविधानाने दिलेला हक्क आहे, असे मानण्यास त्या वेळी बहुमताने नकार दिला. पुढे आधार योजनेविरुद्ध निवृत्त न्यायमूर्ती के. एस. पुट्टस्वामी यांनी केलेल्या अर्जाच्या निमित्ताने हा प्रश्न नऊ न्यायाधीशांच्या पीठापुढे आला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी या पीठाने एकमताने निर्णय दिला की, खासगीपणा हा मूलभूत हक्क असून संविधानाच्या २१ व्या अनुच्छेदातील जीविताच्या व व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्कात तो अंतर्भूत आहे.

हा हक्क अमर्याद आहे असे न्यायालयाने म्हटले नाही. शासनास त्यावर मर्यादा घालता येते. परंतु त्यासाठी कायद्याचा आधार हवा, हेतू उचित हवा व घातलेली मर्यादा त्या हेतूच्या प्रमाणात हवी. पाटाचे पाणी हव्या त्या वाफ्यास देण्यासाठी बांध फोडावा लागतो हे खरे; पण जेवढे पाणी हवे तेवढीच वाट करावयाची असते, सबंध बांध काढून टाकावयाचा नसतो.

२६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने आधार अधिनियम बहुमताने वैध ठरविला. शासकीय अनुदान व लाभ यांसाठी आधारचा वापर मान्य करण्यात आला. मात्र बँक खाते व सिमकार्ड यांस आधार जोडण्याची सक्ती रद्द झाली.

दरम्यान न्यायमूर्ती बी. एन. श्रीकृष्ण यांच्या समितीने २७ जुलै २०१८ रोजी माहितीच्या संरक्षणाविषयीचा अहवाल केंद्र शासनास सादर केला. त्यानंतर मसुद्यांत अनेक बदल होऊन अखेर डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण अधिनियम, २०२३ संसदेत मंजूर झाला व ११ ऑगस्ट २०२३ रोजी त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्याखालील नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये प्रसिद्ध झाले. देखरेख करणाऱ्या मंडळाविषयीच्या तरतुदी त्याच वेळी अमलात आल्या. संमती, सुरक्षितता, तक्रार इत्यादी मुख्य तरतुदींसाठी त्या नियमांत १८ महिन्यांची, म्हणजे मे २०२७ पर्यंतची मुदत ठेवण्यात आली. संस्थांनी आपली व्यवस्था सुधारून घ्यावी यासाठी ही मुदत आहे. तोवर निष्काळजीपणा करण्याची ती मुभा नव्हे.

४. कायद्यातील मुख्य गोष्टी

माहिती ज्याची आहे त्यास कायद्याने हक्क दिले आहेत व माहिती गोळा करून वापरणाऱ्या संस्थेवर जबाबदाऱ्या टाकल्या आहेत. अशा संस्थेसाठी कायद्याच्या इंग्रजी पाठात जो शब्द योजिला आहे, त्याचा अर्थ ‘विश्वस्त’ असा होतो. विश्वस्ताकडे ठेव असते. तो तिचा मालक नसतो. एवढे ध्यानात ठेवले म्हणजे पुढील नियम सहज समजतील.

पहिला नियम सूचनेचा. संमती मागताना कोणती माहिती घेत आहोत व ती कशासाठी, हे स्पष्टपणे सांगावयास हवे. ही सूचना इंग्रजीत किंवा संविधानाच्या आठव्या अनुसूचीतील २२ भाषांपैकी कोणत्याही भाषेत वाचण्याची सोय असली पाहिजे. मराठी या अनुसूचीत आहे. तेव्हा “हे मला मराठीतून वाचावयास मिळावे” असे म्हणणे ही विनवणी नसून हक्काची मागणी होय.

दुसरा नियम संमतीचा. संमती खुशीने, समजून-उमजून, ठराविक कामापुरती व स्पष्ट कृतीने दिलेली असली पाहिजे. कामास आवश्यक असेल तेवढ्याच माहितीपुरती ती धरली जाते. अधिनियमातच याचे एक उदाहरण आहे : दूरध्वनीवरून वैद्यकीय सल्ला देणाऱ्या ॲपने रुग्णाच्या मोबाइलमधील सर्व नाव-क्रमांकांची यादीही मागितली व रुग्णाने होकार दिला, तरी त्या यादीची वैद्यकीय सल्ल्यास गरज नसल्यामुळे तिच्यापुरती ती संमती धरली जाणार नाही. हाच न्याय शेतीच्या ॲपसही लागू पडतो. हवामानाचा अंदाज सांगणाऱ्या ॲपास गावाचे नाव लागेल; त्यास आपली छायाचित्रे व संदेश पाहण्याची आवश्यकता नाही.

तिसरा नियम संमती परत घेण्याचा. संमती देणे जितके सोपे होते, तितकेच ती मागे घेणेही सोपे असले पाहिजे. अर्थात त्यानंतर ती सेवा बंद झाल्यास तो परिणाम आपण स्वीकारावयाचा असतो.

चौथा नियम सुरक्षिततेचा. माहिती फुटू नये म्हणून संस्थेने योग्य ती व्यवस्था केली पाहिजे. ती न केल्यास २५० कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. माहिती फुटल्यास ज्यांची ती आहे त्यांस विनाविलंब कळवावयाचे असते व मंडळास तपशीलवार अहवाल ७२ तासांच्या आत द्यावयाचा असतो. ही गोष्ट दडविल्यास २०० कोटी रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे.

पाचवा नियम मुलांविषयीचा. १८ वर्षांखालील मुलांची माहिती घेण्यासाठी आई-वडिलांची किंवा पालकाची पडताळणी करता येईल अशी संमती लागते.

संमती देऊन माहिती दिली असल्यास, आपल्याविषयी कोणती माहिती ठेवली आहे हे विचारण्याचा, तीत चूक असल्यास दुरुस्त करून घेण्याचा, गरज संपल्यावर ती पुसून टाकावयास लावण्याचा व तक्रार करण्याचा हक्क नागरिकास आहे. आपल्या मृत्यूनंतर हे हक्क कोणी बजवावेत यासाठी व्यक्ती नेमून ठेवण्याचीही तरतूद आहे. हक्कांबरोबर कर्तव्येही आहेत : दुसऱ्याचे नाव धारण करू नये, ओळखीच्या कागदपत्रांसाठी महत्त्वाची माहिती दडवू नये, खोटी तक्रार करू नये. तसे केल्यास १०,००० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

येथे एका गोष्टीचा खुलासा करणे आवश्यक आहे. हा कायदा डिजिटल स्वरूपातील माहितीस लागू आहे. कागदावर घेतलेली माहिती पुढे संगणकात भरली की तीही त्याच्या कक्षेत येते. म्हणून कामाच्या नोंदवहीचे छायाचित्र मोबाइलवर घेण्यापूर्वी कार्यकर्त्याने विचार करावा.

५. शासन आणि शेतकऱ्याची माहिती

खासगी दुकान व शासकीय कार्यालय यांत कायद्याने फरक केला आहे. अनुदान, लाभ, सेवा, दाखला, अनुज्ञप्ती किंवा परवाना देण्यासाठी शासनास पूर्वी दिलेली अथवा शासकीय नोंदीत असलेली माहिती दरवेळी नवी संमती न घेता ठरावीक अटींवर वापरता येते. नुकसानभरपाई वाटताना प्रत्येकाची पुन्हा स्वाक्षरी घ्यावी लागली तर मदत वेळेवर पोहोचणार नाही, हे त्याचे कारण. तसेच माहिती पुसून टाकण्याच्या तरतुदी शासनास लागू नाहीत. बियाण्याच्या दुकानदारास “माझा क्रमांक काढून टाका” असे सांगता येईल. शासकीय नोंदवहीच्या बाबतीत तो हक्क या कायद्याने दिलेला नाही.

याखेरीज देशाची सुरक्षितता, सार्वजनिक सुव्यवस्था अशा कारणांसाठी केंद्र शासन आपल्या काही यंत्रणांस या अधिनियमातून सूट देऊ शकते. या सवलतींविषयी संसदेत व संसदेबाहेर मतभेद झाले. ज्याच्यावर देखरेख ठेवावयाची त्यानेच सूट ठरवावी काय, हा आक्षेप. तर राज्यकारभार व सुरक्षितता यांसाठी काही मोकळीक लागतेच, हे त्यावरील उत्तर. वाचकांनी दोन्ही बाजू समजून घ्याव्यात. मात्र एक गोष्ट निःसंशय आहे : २०१७ चा निर्णय शासनासही बांधून ठेवतो. कायद्याचा आधार, उचित हेतू व योग्य प्रमाण या तीन कसोट्यांतून शासनाची सुटका नाही.

देखरेखीसाठी भारतीय डेटा संरक्षण मंडळाची तरतूद आहे. त्याच्या सदस्यांची नेमणूक केंद्र शासन करते. नागरिकाने प्रथम संबंधित संस्थेकडे तक्रार करावयाची. नियमांनुसार तक्रारीचे उत्तर देण्याची मुदत संस्थेने जाहीर केली पाहिजे व ती ९० दिवसांहून अधिक असता कामा नये. तेथे दाद न लागल्यास मंडळाकडे जाता येते. मंडळाचे काम डिजिटल पद्धतीने चालावयाचे असल्याने दिल्लीस खेटे घालण्याचे कारण नाही. मंडळाच्या निर्णयाविरुद्ध दूरसंचार विवाद निवारण व अपील न्यायाधिकरणाकडे ६० दिवसांत अपील करता येते.

मंडळाने केलेला दंड भारताच्या संचित निधीत जमा होतो. ज्याचे नुकसान झाले त्याच्या हाती तो पडत नाही. त्यामुळे केवळ दंडाच्या भरवशावर न राहता नुकसान होऊच नये अशी दक्षता घेणे अधिक हिताचे.

६. उघडी माहिती व झाकलेली माहिती

सर्वच माहिती गुप्त ठेवावी असा या पाठाचा आशय नाही. सातबारा हा सार्वजनिक अभिलेख आहे. जमीन कोणाची, क्षेत्र किती व इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचा बोजा आहे किंवा नाही, हे जमीन विकत घेणाऱ्यास कळलेच पाहिजे. नाहीतर फसवणूक वाढेल. कायद्याने जी माहिती प्रसिद्ध करणे भाग आहे, तिला २०२३ चा अधिनियम लागू होत नाही. योजनेचा लाभ कोणास मिळाला हे ग्रामसभेस समजणेही आवश्यक आहे. बनावट लाभार्थी त्यामुळेच उघडे पडतात.

मात्र लाभार्थीचे नाव वाचून दाखविणे निराळे व त्याचा आधार क्रमांक, खाते क्रमांक व मोबाइल क्रमांक फलकावर लावणे निराळे. पहिल्याने कारभार स्वच्छ राहतो. दुसऱ्याने फक्त चोराची सोय होते. आधार अधिनियमाच्या २९ व्या कलमान्वये आधार क्रमांक सार्वजनिक रीत्या प्रसिद्ध करण्यास मनाई आहे.

माहितीच्या अधिकाराच्या कायद्यातील वैयक्तिक माहितीविषयीचे कलम ८(१)(ञ) २०२३ च्या अधिनियमाने बदलले असून तो बदल नोव्हेंबर २०२५ मध्ये अमलात आला. वैयक्तिक माहिती नाकारण्याची मुभा त्यामुळे अधिक विस्तृत झाली आहे. तथापि संरक्षित हितास होणाऱ्या हानीपेक्षा सार्वजनिक हित मोठे असल्यास माहिती देता येते, हे त्याच कायद्याचे कलम ८(२) कायम आहे. शेतकऱ्याचे रक्षण करण्यासाठी केलेला नियम गैरकारभार झाकण्यासाठी वापरला जाऊ नये, याकडे ग्रामसभेने लक्ष ठेवावे.

७. ग्रामकार्यकर्त्यांनी पाळावयाचे नियम

ग्रामपंचायत अधिकारी, ग्राम महसूल अधिकारी, सहायक कृषी अधिकारी, अंगणवाडी सेविका, सोसायटीचे सचिव व सेवा केंद्र चालविणारे तरुण या सर्वांनी पुढील नियम कटाक्षाने पाळावेत. गुप्ततेची ही परंपरा आपल्याकडे जुनी आहे. जनगणना अधिनियम, १९४८ मधील १५ व्या कलमान्वये जनगणनेच्या नोंदी कोणास पाहावयास मिळत नाहीत, इतकेच नव्हे तर एरवी त्या न्यायालयात पुरावा म्हणूनही दाखल करता येत नाहीत. लोक प्रगणकास खरी माहिती देतात याचे एक कारण हेच आहे.

(१) कामास लागेल तेवढीच माहिती व तेवढेच कागद घ्यावेत. “असू द्या, पुढे लागतील” म्हणून जादा प्रती घेऊ नयेत.

(२) गावाच्या व्हॉट्सॲप गटावर लाभार्थींच्या याद्या टाकताना आधार, खाते व मोबाइल क्रमांकांचे रकाने काढून टाकावेत.

(३) शेतकऱ्याचा ओटीपी विचारण्यापूर्वी तो कोणत्या कामासाठी आला आहे हे त्यास मोबाइलवरील संदेश वाचून सांगावे. ओटीपी कागदावर लिहून ठेवू नये.

(४) अंगठा घेताना यंत्रावर कोणते काम चालू आहे व रक्कम किती, हे मोठ्याने सांगावे व पावती द्यावी.

(५) बिघडलेल्या झेरॉक्स प्रती फाडून नष्ट कराव्यात. आधारची प्रत भज्यांच्या पुडीस गेलेली दिसणे हा कार्यालयाचा दोष होय.

(६) सेवा केंद्रातील संगणकावर शेतकऱ्यांच्या कागदपत्रांच्या प्रती साठवून ठेवू नयेत. काम संपताच त्या पुसाव्यात व खात्यातून बाहेर पडावे. आपला परवलीचा शब्द दुसऱ्यास देऊ नये.

(७) खते, बियाणे, विमा अथवा कर्ज विकणाऱ्या कोणाही प्रतिनिधीस गावाची यादी देऊ नये. मग तो कितीही ओळखीचा असो. अशी यादी देणे म्हणजे दुसऱ्याची ठेव विकणे होय.

८. शेतकरी बंधुभगिनींनी घ्यावयाची काळजी

(१) ओळख पटविण्यासाठी आधारची प्रत देणे भाग असेल व पूर्ण क्रमांकाची गरज नसेल, तर पहिले आठ अंक झाकलेली प्रत द्यावी. तीत शेवटचे चारच अंक दिसतात. आधार क्रमांकाऐवजी १६ अंकी आभासी क्रमांकही काढता येतो.

(२) झेरॉक्स प्रतीवर तारीख व काम लिहून सही करावी. उदाहरणार्थ, “फक्त ठिबक अनुदान अर्जासाठी”. अशी प्रत दुसऱ्या कामास वापरणे कठीण जाते.

(३) अंगठा लावून पैसे काढण्याची गरज वारंवार पडत नसेल, तर आधारमधील ठशांना कुलूप लावण्याची सोय वापरावी. हवे तेव्हा ते उघडता येते. माहितीसाठी १९४७ हा दूरध्वनी क्रमांक आहे.

(४) पीएम किसान, पीकविमा किंवा नुकसानभरपाई यांच्या नावाने मोबाइलवर आलेली ‘एपीके’ प्रकारची फाइल उघडू नये. अशा फाइलमधून मोबाइलमधील संदेश व ओटीपी चोरले जातात.

(५) खात्याशी जोडलेला मोबाइल क्रमांक स्वतःचा किंवा घरातल्याच माणसाचा असावा. सेवा केंद्र चालकाचा अथवा पुढाऱ्याचा नसावा. क्रमांक बदलल्यास बँकेत त्वरित कळवावे.

(६) सातबारा, शेतकरी नोंदवही व ई-पीक पाहणी यांतील आपली नोंद वर्षातून एकदा तरी तपासावी. चुकीची नोंद हीदेखील हानीच होय. तीमुळे हक्काचा लाभ हुकतो.

९. फसवणूक झाल्यास

वेळ न दवडता १९३० या राष्ट्रीय सायबर फसवणूक मदत क्रमांकावर कळवावे व आपल्या बँकेस खाते थांबविण्यास सांगावे. पहिले काही तास फार मोलाचे असतात. रक्कम पुढच्या खात्यात सरकण्यापूर्वी ती अडविता येते. त्यानंतर पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्यावी. आलेले संदेश, पावत्या व दूरध्वनी क्रमांक पुसून टाकू नयेत. लाजेने गप्प बसणारांची संख्या मोठी आहे. फसविणारा कुशल होता म्हणून फसवणूक झाली, यात लाज बाळगण्याजोगे काही नाही. एकाने तक्रार केल्याने गावातील दहाजण सावध होतात.

गावसभेत चर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या गावात शेतकऱ्यांची माहिती कोणकोणत्या ठिकाणी जमा आहे? तिची यादी करा.

२. ग्रामपंचायतीच्या फलकावरील लाभार्थी यादीत कोणते रकाने असावेत व कोणते नसावेत? कारणे सांगा.

३. बियाण्याच्या दुकानात मोबाइल क्रमांक व गट क्रमांक मागितल्यास आपण कोणते प्रश्न विचाराल?

४. शासकीय योजनेसाठी दिलेली माहिती व खासगी ॲपास दिलेली माहिती यांविषयी कायद्याने कोणता फरक केला आहे?

कार्यकर्त्यांनी हा पाठ सभेत वाचून दाखवावा. जमलेल्यांपैकी इच्छुकांच्या मोबाइलवर ठशांना कुलूप लावण्याची कृती त्यांच्याच हातून करवून घ्यावी व ज्यांच्या खात्यास परक्याचा मोबाइल क्रमांक जोडलेला आढळेल, त्यांस दुसऱ्याच दिवशी बँकेत जाऊन तो बदलून घेण्यास साहाय्य करावे.